गिरणगावाची बोली आणि भोंग्याचा काळ

भाषेतील कालवाचक शब्द श्रमव्यवस्थेतूनही घडतात, याचे ठळक उदाहरण म्हणजे परळ-लालबागच्या गिरणी कामगारांची मराठी. कोकणातून व घाटावरून आलेल्या माणसाचा दिवस गावी उन्हावर आणि हंगामावर मोजला जाई. मुंबईत तो भोंग्यावर मोजला जाऊ लागला. आठवड्याला रविवारची सुट्टी लाभली तीदेखील १८९० मध्ये, नारायण मेघाजी लोखंडे यांच्या लढ्यानंतर. 'पाळी' म्हणजे मुळात क्रम. गिरणगावात ती कामाची वेळ झाली. रातपाळीवाल्याची रात्र दिवसा होई, आणि चाळीतील एकाच खोलीत माणसे पाळीपाळीने झोपत.

'बदली' हा शब्द विशेष विचारार्ह आहे. सरकारी नोकराच्या लेखी ते स्थलांतर. गिरणीत मात्र गैरहजर कामगाराच्या जागी उभा राहणारा माणूसच 'बदली' ठरला. दुसऱ्याचा 'खाडा' हाच त्याचा रोजगार. साहजिकच त्याच्या 'उद्या'ला निश्चित अर्थ नसे.

१८ जानेवारी १९८२ रोजी सुमारे अडीच लाख कामगारांचा संप सुरू झाला आणि 'संपाआधी', 'संपानंतर' ही कालगणनाच बनली. पुढे गिरण्या बंद पडत गेल्या, भोंगे थांबले. 'खाडा' आज मुख्यतः ऐकू येतो तो घरकाम करणाऱ्या बाईच्या न येण्याविषयी.