एकाची कुरकुर, साऱ्यांचा हिरमोड

गटातल्या एकाच्या मनःस्थितीची लागण इतरांना होते, हे संशोधक सिगल बारसाड यांनी २००२ साली प्रसिद्ध केलेल्या प्रयोगात दाखवले. त्यांनी गटांत ठरलेली मनःस्थिती वठवणारा एक प्रशिक्षित नट बसवला होता. म्हणून सतत नाट लावणाऱ्या सहकाऱ्याकडे दुर्लक्ष करू नये. पण आधी त्याचे ऐकून घ्यावे. डावललेली बढती, नाकारलेली रजा, अंगावर पडलेले जादा काम: तक्रार पुष्कळदा खरी असते, आणि ती सोडवणे हे साहेबाचेच काम. मग एकांतात, स्वभावावर नव्हे, वागण्यावर बोलावे. ‘सोमवारच्या बैठकीत तुम्ही नव्या मुलीचे बोलणे तीनदा तोडलेत,’ असे नेमके. ‘तुम्ही नकारात्मक आहात’ म्हटल्याने माणूस फक्त दुखावतो. काय बदलायचे, पुन्हा कधी भेटायचे, हे लिहून ठेवावे. चारचौघांत पाणउतारा मात्र मुळीच नको. त्याने बाकीचेही बोलायचे थांबतात.