मुंबईच्या रेडिओ कंपनीचा हिशेब

ऊस विकास अधिकारी, शेती विभाग



या पानावर एरवी बेणे, खत, पाणी आणि खोडव्याची निगा यांवर मजकूर असतो. यावेळी रेडिओवर लिहितो आहे. निमित्त गटसभेचे. आमच्या एका वयस्कर सभासदांनी पूर्वी रेडिओचे लायसन कसे पोस्टात जाऊन भरावे लागे ते सांगितले, तेव्हा समोरची तरुण मंडळी हसू लागली. रेडिओ ऐकायला कसलं आलंय लायसन! पण त्या लायसनच्या पैशावरच एकेकाळी मुंबईत एक अख्खी कंपनी उभी राहिली होती, आणि त्याच पैशावाचून ती बुडाली. भागभांडवलावर उभ्या असलेल्या संस्थेच्या सभासदांनी हा हिशेब जरूर वाचावा असा आहे.

मुंबईत आवाज हवेतून पाठवण्याची हौस कंपनीच्या आधीपासूनची. ऑगस्ट १९२१ मध्ये टाइम्स ऑफ इंडियाने टपाल व तार खात्याच्या मदतीने आपल्या मुंबईच्या कचेरीतून गाण्यांचा एक कार्यक्रम प्रक्षेपित केला. तो गव्हर्नर सर जॉर्ज लॉईड यांनी पुण्यात बसून ऐकला. जून १९२३ मध्ये रेडिओ क्लब ऑफ बॉम्बेने कार्यक्रम सुरू केले. पण क्लब म्हणजे हौशी लोकांचे काम. रोज ठरल्या वेळी कार्यक्रम द्यायचा तर यंत्रसामग्री पाहिजे, पगारी माणसे पाहिजेत, म्हणजे भांडवल आलेच.

ते भांडवल घेऊन इंडियन ब्रॉडकास्टिंग कंपनी पुढे आली. १३ सप्टेंबर १९२६ रोजी तिचा सरकारशी पाच वर्षांचा करार झाला. २३ जुलै १९२७ रोजी व्हाइसरॉय लॉर्ड आयर्विन यांच्या हस्ते मुंबई केंद्राचे उद्घाटन झाले, आणि २६ ऑगस्टला कलकत्त्याचे केंद्र चालू झाले. कार्यक्रमांची माहिती देणारे ‘इंडियन रेडिओ टाइम्स’ नावाचे पाक्षिकही कंपनीने काढले. थाटात काही कमी नव्हती.

आता ताळेबंद बघा. अधिकृत भागभांडवल १५ लाख रुपये. प्रत्यक्ष वसूल झाले ६ लाख. या ६ लाखांतले साडेचार लाख दोन केंद्रे उभारण्यातच खर्ची पडले. हातात राहिले दीड लाख. आणि खर्च? दरमहा सुमारे ३३ हजार! म्हणजे दीड लाखात साडेचार महिने. उसाची नोंद पुरती नसताना मिलचे रोलर बसवून मोकळे व्हावे, त्यातलाच हा प्रकार. यंत्र झळझळीत, आणि ते चालवायला खेळते भांडवल नाही.

उत्पन्नाचे मुख्य मार्ग दोन होते. रेडिओ बाळगणाऱ्याने वर्षाला १० रुपये परवाना शुल्क भरायचे, त्यातले ८० टक्के, म्हणजे ८ रुपये कंपनीला मिळायचे. शिवाय परदेशातून येणाऱ्या रेडिओ सामानाच्या बीजक किमतीवर १० टक्के आकार कंपनीला मिळायचा. कागदावर योजना चांगली होती. रेडिओ वाढतील तसे दोन्हीकडून पैसे वाढणार!

कंपनी सुरू झाली तेव्हा साऱ्या देशात एक हजारसुद्धा परवाने नव्हते. १९२७ अखेर ३,५९४ झाले, १९२८ अखेर ६,१५२ आणि १९२९ अखेर ७,७७५. वाढ वाईट म्हणता येणार नाही. पण ७,७७५ ला ८ ने गुणा. ६२,२०० रुपये होतात. कंपनीने काटकसर करून मासिक खर्च २४ हजारांवर आणला होता, तरी वर्षाचे २ लाख ८८ हजार होतातच. म्हणजे बारा महिन्यांच्या परवान्यांचे पैसे जेमतेम अडीच महिन्यांना पुरणार. नुसत्या परवान्यांवर खर्च भागवायचा तर ३६ हजार परवाने हवे होते. आयात मालावरच्या आकाराने थोडा हातभार लागला असेल, पण एवढी मोठी तूट त्याने भरून निघण्यासारखी नव्हती.

ऐकणारे कमी होते म्हणून हे झाले काय? काही अंशी तसे होते. केंद्राची ताकद दीड किलोवॉट. आपल्या विहिरीवरची दोन अश्वशक्तीची मोटर असते तेवढीच! आवाज चांगला पोहोचायचा तो तीसएक मैलांपर्यंत. त्यापलीकडे रेडिओ घेऊन उपयोग नाही, आणि त्याच्या आतही संच महाग. तरीसुद्धा जेवढे ऐकत होते तेवढे सगळे पैसे भरत नव्हते. परवाना न काढता ऐकणारे पुष्कळ होते, आणि १० टक्क्यांचा आकार चुकवणारे व्यापारीही होते. हवेतल्या आवाजाला कुंपण घालता येत नाही. शेजाऱ्याच्या पाटातून पाणी घेतले तर पाट तरी दिसतो, इथे काहीच दिसत नाही.

इथे थोडे आपल्याबद्दल बोलतो, राग मानू नये. शेअर आहे, साखर मिळते, वार्षिक सभेत भाषणही होते, पण उसाच्या चार गाड्या रोखीच्या मोहाने गुऱ्हाळावर किंवा दुसऱ्या कारखान्याकडे जातात. एकट्या सभासदाच्या दृष्टीने त्या चारच गाड्या. गव्हाणीपाशी मात्र तेव्हा ‘नो केन’ची वेळ आलेली असते, आणि पगार अन् व्याज चालूच असते. मुंबईचा परवाना न काढणारा श्रोता दुष्ट नव्हता. आपल्या आठ रुपयांनी काय होणार, एवढेच त्याच्या मनात असावे.

१ मार्च १९३० रोजी कंपनी अवसायनात निघाली. पुरती तीन वर्षेसुद्धा झाली नव्हती.

पुढची हकीकत थोडी उलटसुलट आहे. १ एप्रिल १९३० पासून सरकारने दोन वर्षांच्या प्रयोगासाठी दोन्ही केंद्रे आपल्याकडे घेतली. पण मंदीचे दिवस, पैसा सरकारलाही जड. ऑक्टोबर १९३१ मध्ये केंद्रे बंद करण्याचे ठरले. त्यावर लोकांनी ओरड केली, तेव्हा नोव्हेंबरात तो निर्णय फिरवला, आणि मे १९३२ मध्ये ही सेवा सरकारने कायम चालवायची असे नक्की झाले. त्याच वर्षी रेडिओ सामानावरची जकात २५ टक्क्यांवरून ५० टक्के केली. डिसेंबर १९३२ मध्ये लंडनहून बी.बी.सी.ची साम्राज्य सेवा सुरू झाली आणि इथले युरोपियन लोक भराभर रेडिओ घेऊ लागले. १९३२ अखेर ८,५५७ असलेले परवाने १९३४ अखेर १६,१७९ झाले. पीक आले, पण बेणे दुसऱ्याचे! परवान्याशिवाय नुसता संच बाळगणे हासुद्धा गुन्हा ठरवणारा कायदा १९३३ मध्ये झाला, तो १९३४ च्या सुरुवातीपासून अमलात आला. कंपनीला हा कायदा जिवंतपणी मिळता तर काय झाले असते, असे माझ्या मनात येते. भांडवल मुळातच तोकडे असल्याने फार तर दोन-तीन वर्षे आयुष्य वाढले असते, असे मला वाटते. ८ जून १९३६ रोजी या सेवेला ऑल इंडिया रेडिओ हे नाव मिळाले.

रेडिओ सरकारकडे गेल्याचा आपल्या ऊसपट्ट्याला मात्र फायदाच झाला, असे माझे मत आहे. आठ रुपयांवर जगणारी कंपनी तीस मैलांच्या बाहेर कशाला बघेल? १९५६ मध्ये आकाशवाणीने युनेस्कोच्या साह्याने पुणे, अहमदनगर, नाशिक, उत्तर सातारा आणि कोल्हापूर या जिल्ह्यांतल्या १५० गावांत शेतकरी श्रोतेमंडळांचा प्रयोग केला. आठवड्यातून दोनदा अर्ध्या तासाचा कार्यक्रम असे. गावकऱ्यांनी एकत्र बसून तो ऐकायचा, त्यावर चर्चा करायची आणि शंका केंद्राला कळवायच्या. आमच्या गटसभेचे हे मोठे भावंडच.

जाहिरातीचा पैसा आकाशवाणीत उशिरा आला. १९५२ पासून रेडिओ सिलोनवरची बिनाका गीतमाला घरोघर ऐकली जात होती, आणि तिच्यामागे दंतमंजनाच्या जाहिरातीचा पैसा होता. आकाशवाणीने ३ ऑक्टोबर १९५७ रोजी विविध भारती काढली. त्यावर जाहिराती आल्या १ नोव्हेंबर १९६७ पासून, आणि तीन केंद्रांवर : मुंबई, पुणे, नागपूर. तिन्ही आपल्याच राज्यातली. श्रोत्याकडून दहा रुपये गोळा करण्यापेक्षा त्याला माल विकू पाहणाऱ्याकडून पैसे घेणे सोपे, हे तोवर कळले होते. पोस्टातले परवाना शुल्क पुढे १९८० च्या दशकात रद्दच झाले.

खासगी कंपन्या पुन्हा आल्या त्या २००१ मध्ये, बंगलोरच्या एफ.एम. केंद्रापासून. त्यांनाही पहिली ठेच हिशेबातच लागली. सरकारला द्यायची फी ठरलेली, आणि ती दरसाल १५ टक्क्यांनी वाढणारी. धंदा होवो न होवो, फी चुकत नाही. बरेच जण मेटाकुटीला आले. शेवटी २००५ च्या धोरणात उत्पन्नाच्या ४ टक्के वाटा घेण्याची पद्धत आली, आणि मग कोल्हापूर, सांगली, सोलापूर अशा शहरांत खासगी केंद्रे निघाली.

या केंद्रांची गाणी आता उसाच्या फडातही ऐकू येतात. टोळीतला एखादा पोरगा मोबाइलवर लावून ठेवतो आणि तोडणी चालू राहते. गाण्यांच्या मधे जाहिराती असतात, त्यांत खते आणि टॉनिकेही असतात. त्यांतले कुठले उसाला घ्यावेसे वाटले तर आधी माती परीक्षणाचा अहवाल घेऊन गट कार्यालयात यावे. सकाळी अकरापर्यंत आम्ही तिथे भेटतो.