पडद्यावरची साक्ष

पूर्वी चित्रपटगृहात मुख्य खेळाआधी सरकारच्या फिल्म्स डिव्हिजनचा माहितीपट दाखवीत. पडद्यावर धरण बांधून पुरे होई, पुढारी फीत कापीत, आणि पुष्कळसे प्रेक्षक तेवढ्यात बाहेर चहा पिऊन येत. धरणावरचा मजूर त्यात दिसे, पण क्वचितच बोले. त्याला बोलू देणाऱ्या आनंद पटवर्धनांविषयी आम्हांस आज सांगावयाचे आहे.

पटवर्धनांचा जन्म १९५० साली मुंबईत झाला. जयप्रकाशांचे बिहार आंदोलन सुरू झाले तेव्हा ते तेथे गेले. हाताशी होता हौशी लोकांचा छोटा सुपर-८ कॅमेरा. टिपलेली चित्रे पडद्यावर पाडावयाची आणि त्या पडद्याचेच पुन्हा मोठ्या फिल्मवर चित्रण करावयाचे, अशा खटपटीतून ‘क्रांती की तरंगें’ तयार झाला. आणीबाणीत तो तुकडे करून परदेशी न्यावा लागला.

आम्हां कामगारांना सर्वांत जवळचा त्यांचा १९८५ चा ‘हमारा शहर’. ज्यांनी मुंबई बांधली त्यांच्याच झोपड्या त्यात पाडल्या जातात. एक बाई संतापून चित्रण करणाऱ्यांनाच सुनावते : यातून आमचे काय भले होणार, नाव तर तुमचेच होणार ! दुसऱ्या कोणी हा भाग कापून टाकला असता. पटवर्धनांनी तो ठेवला. भर सभेत पुढाऱ्याला असे विचारणारा कामगार आम्ही पाहिला आहे. इतिवृत्तात मात्र ‘किरकोळ चर्चा झाली’ एवढेच लिहितात.

याच चित्रपटात शाहीर विलास घोगरे गातात. पुढे ११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात, बाबासाहेबांच्या पुतळ्याच्या विटंबनेनंतर जमलेल्या लोकांवर राज्य राखीव पोलिसांनी गोळीबार केला. दहा जण ठार झाले. चार दिवसांनी घोगऱ्यांनी स्वतःचे जीवन संपविले. तेथून पटवर्धनांचे काम सुरू झाले ते चौदा वर्षे चालले. गोळीबाराबद्दल पोलीस अधिकाऱ्याला सत्र न्यायालयाने दोषी ठरविले तेच मुळी २००९ मध्ये. ज्यांनी कामगार न्यायालयाच्या तारखा मोजल्या आहेत त्यांना एवढा काळ का लागतो हे समजावून सांगावयास नको. सव्वातीन तासांचा ‘जय भीम कॉम्रेड’ २०११ मध्ये पुरा झाला आणि चाळी-वस्त्यांतून दाखविला गेला.

चित्रपट काढणे हे त्यांचे अर्धेच काम. उरलेले अर्धे कोर्टात. ‘राम के नाम’ला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, तरी तो दूरदर्शनवर येण्यास उच्च न्यायालयाचा आदेश लागला. ‘जंग और अमन’मध्ये परिनिरीक्षण मंडळाने एकवीस काटछाटी सुचविल्या होत्या, २००३ मध्ये उच्च न्यायालयाने तो एकही काट न मारता दाखविण्यास मुभा दिली.

आता आपल्या गावाकडे पाहा. हिंदुस्थान अँटिबायोटिक्स पिंपरीत १९५४ मध्ये आली. मग भोसरी, पुढे चाकण. कारखान्यांच्या उद्घाटनाचे फोटो मिळतात. गेटसभेत बोललेल्या कामगाराचा आवाज मिळणे कठीण. आज प्रत्येकाच्या खिशात कॅमेरा आहे, पण त्यातले पुढच्या महिन्यापर्यंत कोण जपतो?

पटवर्धनांनी घरातलेही जपले. २०२३ च्या ‘वसुधैव कुटुंबकम्’मध्ये त्यांचे वृद्ध आईवडील बोलतात, आणि त्यांच्या आठवणींतून स्वातंत्र्यलढ्यातले काका, नगरचे रावसाहेब आणि अच्युतराव पटवर्धन, पुन्हा भेटतात.