वेषरचनाकार भानू अथय्या

चित्रपट पाहताना आपले लक्ष पात्रांच्या बोलण्याकडे असते. त्यांच्या अंगावरील वस्त्रांचा विचार सहसा कोणी करीत नाही. तरीही पडद्यावर आलेला मनुष्य शेतकरी आहे की सावकार, हे तो बोलण्यापूर्वीच आपल्याला कळते, ते त्याच्या वेषावरून. असा वेष योजणाऱ्या कलावंताला वेषरचनाकार म्हणतात. या कलेत जगभर नाव मिळविणाऱ्या भानू अथय्या या मूळच्या कोल्हापूरच्या.

भानुमती अण्णासाहेब राजोपाध्ये यांचा जन्म २८ एप्रिल १९२९ रोजी झाला. वडील चित्रकार होते. बाबूराव पेंटर यांच्या चित्रपटांसाठीही त्यांनी काम केले होते. पितृछत्र लवकर हरपले, परंतु त्यांनी दिलेली चित्रकलेची आवड मुलीने सोडली नाही. मुंबईच्या सर ज. जी. कलाशाळेत शिकत असता १९५१ साली तिला सुवर्णपदक मिळाले. पुढे नामवंत चित्रकारांबरोबर तिची चित्रे प्रदर्शनात मांडली गेली. परंतु केवळ चित्रांवर चरितार्थ चालणे कठीण होते. भानुमती स्त्रियांच्या नियतकालिकांसाठी वेषभूषेची चित्रे काढू लागल्या आणि त्यांतूनच प्रत्यक्ष कपडे बेतण्याकडे वळल्या. कुंचला मागे पडला, तरी चित्रकाराची नजर मात्र सुटली नाही.

‘आम्रपाली’ (१९६६) या चित्रपटाच्या वेळी ही नजर कामी आली. कथा बुद्धाच्या काळातील वैशाली नगरीची. त्या काळचे कपडे आज कोठे पाहावयास मिळणार? भानूबाई अजिंठ्यास गेल्या. जालना जिल्ह्यातील पिंपळगाव रेणुकाईसारख्या गावांहून ही लेणी फार दूर नाहीत. तेथील भिंतींवर न शिवलेली, अंगाभोवती नेसलेली वस्त्रे, गळ्यांतील माळा, केशरचनांचे नाना प्रकार रंगविलेले आहेत. बुद्धाचा काळ आणि ही चित्रे यांत कित्येक शतकांचे अंतर आहे हे खरे; पण प्राचीन वेषाचा इतका बोलका पुरावा दुसरीकडे क्वचितच सापडेल. त्या चित्रांवरून बेतलेला आम्रपालीचा वेष पुढे इतका रूढ झाला की, आज गावच्या स्नेहसंमेलनातील नाटकांतही त्याची नक्कल दिसते!

रिचर्ड ॲटनबरो यांच्या ‘गांधी’ (१९८२) चित्रपटाचे काम याहून अवघड होते. येथे पुराव्याची वाण नव्हती; उलट अडचण अशी की, गांधीजींना पाहिलेली माणसे हयात होती आणि त्यांची छायाचित्रे घरोघर होती. चूक झाली तर ती तत्काळ ध्यानी आली असती. कथा १८९३ पासून १९४८ पर्यंतची. दक्षिण आफ्रिकेतील सुटाबुटातला तरुण वकील १९२१ नंतर केवळ पंचा नेसणारा महात्मा होतो. तो सारा पालट कपड्यांतून दिसावयास हवा. शिवाय कस्तुरबा, नेहरू, पटेल, सत्याग्रही, खेडूत या सर्वांचे वेष निरनिराळे. नवे कोरे कापड चालत नाही; ते धुऊन, घासून, विटवून वापरातले दिसेल असे करावे लागते. भारतीय पात्रांचे वेष भानूबाईंनी, तर इंग्रजांचे जॉन मोलो यांनी सिद्ध केले. ११ एप्रिल १९८३ रोजी दोघांना मिळून ऑस्कर पारितोषिक मिळाले. हा मान मिळविणाऱ्या भानू अथय्या या पहिल्या भारतीय होत.

त्यांनी शंभरांहून अधिक चित्रपटांसाठी काम केले. ‘लेकिन’ आणि ‘लगान’ यांसाठी त्यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाले. उतारवयात त्यांना एकच काळजी होती, आपल्यामागे ऑस्करची ती मूर्ती सुरक्षित राहील काय? रवींद्रनाथांचे नोबेल पदक २००४ साली शांतिनिकेतनातून चोरीस गेले होते, हे त्या विसरल्या नव्हत्या. अखेर २०१२ साली त्यांनी ती मूर्ती अमेरिकेतील अकादमीकडेच परत सोपविली. १५ ऑक्टोबर २०२० रोजी मुंबईत त्यांचे निधन झाले.