बोटीत बसावं की बसू नये?

दिवाळीची सुट्टी लागली की भंडाऱ्यातल्या बऱ्याच घरांत मुंबईचा बेत शिजतो. वरठीला दुपारी विदर्भ एक्स्प्रेस धरली की दुसऱ्या दिवशी सकाळी माणूस थेट छत्रपती शिवाजी महाराज टर्मिनसवर उतरतो. तिथून गेटवे ऑफ इंडिया फार लांब नाही. फोटो काढून होतात, कबुतरं पाहून होतात, आणि मग कुणीतरी पुढ्यात येऊन ओरडतं, "चला साहेब, लाँच सुटतेय, अर्ध्या तासात मुंबईदर्शन!" पोरं आधीच कठड्याला लोंबकळत असतात. बाबा खिसा चाचपतात. आई म्हणते, "अहो, एवढं आलोच आहोत तर बसून घेऊ ना." निर्णय उभ्या उभ्या होतो आणि तो बहुधा पोरांच्याच बाजूनं लागतो.

तो घरूनच करून निघावं म्हणून हा खटाटोप. कारण बोटीतून शहर पाहणं कधी पैशांचं सोनं करतं, तर कधी नुसती पाण्यावरची हवा खाऊन परत आणतं. कुठं काय होईल हे नकाशावर नजर टाकली तरी बरंचसं कळतं.

मुंबईचं बघा. हे शहर दक्षिणोत्तर लांबट आणि चिंचोळं आहे. गेटवे त्याच्या पूर्व अंगाला, बंदराच्या बाजूला. आपल्या माणसाच्या डोक्यात मुंबई म्हणून जी चित्रं असतात ती मात्र पश्चिमेची: मरीन ड्राइव्ह, हाजी अली, वांद्रे-वरळीचा सागरी सेतू. मधे कुलाब्याचं टोक आडवं येतं. अर्ध्या तासाची लाँच त्या टोकाला वळसा घालून पलीकडे जात नाही. म्हणजे यातलं काहीही तिच्यातून दिसत नाही. दिसतं ते गेटवे, ताज, बाजूचा यॉट क्लब, लांबून नौदलाच्या करड्या बोटी आणि नांगर टाकून पडलेली मालवाहू जहाजं. लाँच थोडी आत जाते, वळते आणि परत येते. 'मुंबईदर्शन' म्हणून बसलात तर फसल्यासारखं वाटेल.

तरीही त्या फेरीत एक गोष्ट खरी आहे. गेटवे ही समुद्राकडून येणाऱ्यासाठी बांधलेली कमान आहे. १९११ साली पाचवा जॉर्ज आणि राणी मेरी मुंबईत उतरले, त्याची आठवण म्हणून ती उभारायची ठरली. म्हणजे राजा आला तेव्हा कमान नव्हतीच. जॉर्ज विटेटनं आराखडा केला, बांधकाम रखडत रखडत संपलं आणि ४ डिसेंबर १९२४ ला तिचं उद्घाटन झालं. पुढे २८ फेब्रुवारी १९४८ ला इंग्रजांची शेवटची पलटण याच कमानीखालून चालत जाऊन बोटीत चढली. ती चौकातून, गर्दीतून, चणेवाल्याच्या टोपलीआडून पाहिली तर एक मोठी दगडी वास्तू दिसते. पाण्यातून पाहिली तर कळतं की आपण आजवर तिची पाठ बघत होतो. सव्वीस मीटरची कमान, तिच्या मागे ताजचा घुमट, आणि दोन्हींचा तोल. हे चित्र काठावर उभं राहून जुळत नाही.

त्यातही वेळेचं गणित आहे, जे तिकीट विकणारा सांगत नाही. गेटवेचं आणि ताजचं तोंड पूर्वेकडे. सकाळी ऊन थेट त्यांच्या अंगावर पडतं आणि पिवळसर दगड उजळून निघतो. संध्याकाळी सूर्य इमारतींच्या मागे जातो; फोटोत काळी आकृती आणि पांढरं आकाश एवढंच येतं. आपण नेमके संध्याकाळी जातो. दिवसभर राणीचा बाग आणि दादरची खरेदी करून थकलेलं कुटुंब शेवटी गेटवेवर टेकतं आणि मग लाँचमध्ये बसतं.

माझं मत विचाराल तर मुंबईत अर्ध्या तासाची फेरी सोडून द्यावी आणि सकाळची घारापुरीची लाँच धरावी. गेटवे, ताज, गोदी, जहाजं हे सगळं तिच्या वाटेवर फुकटात दिसतं. शिवाय समोर पोचायला एक ठिकाण असतं. साधारण तासाभराचा प्रवास. धक्क्यावर लाँचेस एकीला एक चिकटून उभ्या असतात. आपली तिसरी असेल तर पहिल्या दोन ओलांडून जायचं, मधल्या फटीत पाणी खदखदत असतं, आणि एक खलाशी आपला दंड धरून पलीकडे ढकलतो. आजीबाई सोबत असतील तर हा भाग आधी डोळ्यांखालून घाला. लाँच सुटल्यावर वरच्या डेकवर बसायचे थोडे पैसे वेगळे मागतात, ते द्यावेत. थंडीत समुद्रपक्षी लाँचच्या मागे लागतात आणि लोक त्यांना कुरकुरे भरवतात. भरवू नका. जाता जाता बुचर बेट लागतं, तेलाच्या टाक्यांचं. हवा स्वच्छ असेल तर उत्तरेला अटल सेतूची रेघ दिसते. २१.८ किलोमीटर लांबीचा हा पूल जानेवारी २०२४ मध्ये सुरू झाला.

बेटावर सुमारे सव्वाशे पायऱ्या चढल्या की लेणी. सहाव्या शतकाच्या आसपासची, १९८७ पासून जागतिक वारशाच्या यादीत. अठरा-एक फुटांची ती तीन मुखांची शिवमूर्ती अंधारातून हळूहळू पुढे येते तेव्हा लाँचचे पैसे कुणाला आठवत नाहीत. हे बेट रायगड जिल्ह्यात मोडतं, आणि मुंबईच्या एवढं जवळ असूनही तिथं कायमची वीज पोचली २०१८ साली. चार जणांच्या कुटुंबाला जाऊन-येऊन हजार-बाराशे रुपये आणि अर्धा दिवस लागतो. लेणी सोमवारी बंद असतात. सोमवारी गेटवेवर उभं राहून हे कळलेली मंडळी भंडाऱ्यातही कमी नाहीत.

आता गाइडचं. बोटीवर माहिती सांगणारा असतो म्हणून तिकीट महाग, असं जिथं सांगतात तिथं तो काय सांगतो हे बघायला हवं. बऱ्याचदा कर्ण्यातून सिनेमाची गाणी आणि मधूनच "दाहिने तरफ देखिए, ताज होटल" एवढंच येतं. ताज उजवीकडे आहे हे आपल्यालाही दिसतं. काही जण एक पेटंट गोष्ट सांगतात: ताज उलटा बांधला गेला, परदेशातून परतलेल्या वास्तुरचनाकारानं ते पाहिलं आणि समुद्रात उडी घेतली. ही निव्वळ दंतकथा. हॉटेल १९०३ साली उघडलं, आणि त्याचं मूळ दार शहराच्या बाजूला ठेवलं होतं ते जाणूनबुजून. तुमचा गाइड उडीची गोष्ट रंगवून सांगू लागला तर पुढची माहिती मिठाच्या खड्यासोबत घ्या. उलट, ज्या दगडी हत्तीवरून पोर्तुगिजांनी घारापुरीला एलिफंटा नाव दिलं तो आता भायखळ्याला भाऊ दाजी लाड संग्रहालयाच्या आवारात उभा आहे, हे सांगणारा भेटला तर त्याला चहा पाजा. घारापुरीच्या लेण्यांत अशा माणसाचा खरा उपयोग. पाण्यावर त्याचं काम थोडंच.

जगभर हुशार प्रवासी एक युक्ती करतात: पर्यटकांची बोट सोडून नोकरदारांची बोट धरतात. न्यूयॉर्कला ज्यांची मुलं आहेत त्यांनी त्यांना विचारावं. मॅनहॅटनहून स्टेटन आयलंडला जाणारी नारिंगी फेरी १९९७ पासून फुकट आहे. पंचवीस मिनिटांच्या वाटेत स्वातंत्र्यदेवीचा पुतळा आणि मागे उंच इमारतींची रांग दोन्ही दिसतात. पुतळ्याच्या पायाशी उतरायचं असेल तरच पैशांची बोट. कोलकात्यात हावड्याच्या घाटावरून लोक कामाला जातात ती फेरी मोजक्या रुपयांत हुगळी ओलांडते आणि १९४३ सालचा हावडा पूल अंगावर आल्यासारखा दिसतो. मुंबईतही भाऊच्या धक्क्याहून मोऱ्याला किंवा रेवसला जाणाऱ्या लाँचेस आहेत. मार्च २०२० पासून तिथूनच मांडव्याला गाड्या घेऊन जाणारी रो-रो सुटते. ज्याला अलिबागला जायचंच आहे त्याचं बंदरदर्शन प्रवासातच होऊन जातं.

काशीचं मात्र वेगळं. तिथं ऐंशीवर घाट गंगेकडे, म्हणजे पूर्वेकडे तोंड करून चंद्रकोरीसारखे बसलेत. काठावरून चालताना एका वेळी एकच घाट दिसतो. पहाटे नावेत बसलं की अख्खं शहर एका नजरेत येतं. गावानं नदीकडे तोंड केलेलं असेल तर नाव हवीच. पाठ केलेली असेल तर बोटीतून फक्त गटारांची तोंडं दिसतात.

बसण्याआधी एक गोष्ट मात्र पक्की बघायची. १८ डिसेंबर २०२४ ला गेटवेहून घारापुरीला निघालेल्या 'नीलकमल' या लाँचला इंजिनाची चाचणी घेत असलेली नौदलाची स्पीडबोट धडकली आणि १५ जणांचा जीव गेला. आपल्या वैनगंगेलाही हे नवं नाही: जानेवारी २०२४ मध्ये गडचिरोली जिल्ह्यात मिरची तोडायला निघालेल्या मजूर बायांचा डोंगा उलटला. तेव्हा बोटीवर किती माणसांची परवानगी लिहिली आहे ते वाचा, डोकी मोजा, आणि लाइफ जॅकेट 'नंतर देतो' म्हणणाऱ्याच्या बोटीतून सरळ उतरा. पैसे बुडाले तर बुडू द्या. जॅकेट मांडीवर घेऊन बसायचं नसतं, पट्टे आवळून घालायचं असतं. लहान पोराला मोठ्याचं जॅकेट घातलं तर ते डोक्यातून निसटतं, म्हणून त्याच्या मापाचंच मागा.

हे सगळं लिहिताना नजर सारखी घराकडे वळते, कारण आपल्याच जिल्ह्यात आता बोटीची भाषा सुरू झालीये. गोसेखुर्दच्या जलाशयावर जलपर्यटनाचा सरकारी प्रकल्प मंजूर आहे. तेहतीस दरवाजांच्या या धरणाची पायाभरणी २२ एप्रिल १९८८ ला राजीव गांधींच्या हस्ते झाली. त्याचं फुगलेलं पाणी मागे आंभोऱ्यापर्यंत आणि थेट भंडारा शहराच्या काठापर्यंत येतं. आमच्याकडे दाखवायला काय आहे, असा प्रश्न कुणी विचारला तर हसू नका. आंभोऱ्याला वैनगंगा, कन्हान आणि इतर लहान नद्यांचा संगम, टेकडीवर चैतन्येश्वर. मुकुंदराजांनी 'विवेकसिंधू' इथंच लिहिला असं इकडची परंपरा सांगते. अंबाजोगाईकर तो मान आपल्याकडे ओढतात. शेजारी तारांवर तोललेला नवा पूल, वर प्रेक्षकांसाठी गॅलरी. वरून संगम फार छान दिसतो, हे खरं. पण पुलाची उंची आणि टेकडीचा उतार कळायचा तर खाली पाण्यातच असायला हवं. आंभोऱ्याची बोट मी पैसे वसूल या खात्यात टाकीन.

पवनीचं कोडं अवघड आहे. नावेतून बघावं असं गाव जिल्ह्यात एकच, आणि ते हे. दगडी घाट नदीत उतरलेले, देवळांची दाटी, पाच मुखांचा गणपती, किल्ल्याचा दरवाजा, आणि १९६९-७० च्या उत्खननात सापडलेले बौद्ध स्तूप. पण पवनी धरणाच्या खालच्या अंगाला आहे. दरवाजे उघडले की नदी अंगावर येते, बंद झाले की वाळू उघडी पडते. इथं फेरीचं वेळापत्रक पर्यटन खात्यानं नाही, पाटबंधाऱ्यानं ठरवायचं. पावसाळा ओसरल्यावरचे थोडे दिवस, सकाळच्या उन्हात, ढिवर समाजातल्या जाणत्या माणसाच्या हाती वल्हं, एवढं जमलं तर पवनीला मुंबईपेक्षा चांगली फेरी होईल. नाही जमलं तर घाटांवरून पायी फिरा. पवनी पायी पण सुंदर आहे.

आणि पाण्याचं. नागपूरचं सांडपाणी नाग नदीतून कन्हानमध्ये आणि तिथून वैनगंगेत येतं. उन्हाळ्यात जलाशयावर जलपर्णीचे पट्टे असतात, वासही असतो. ते साफ न करता बोटी पाण्यात सोडल्या तर पहिल्याच हंगामात लोक नाकाला रुमाल लावून परततील आणि चार गावांत सांगतील.

शेवटचं मागणं ज्यांच्या हातात हा प्रकल्प आहे त्यांच्याकडे. बोटीवर माहिती सांगायला बाहेरून माणूस आणू नका. या पाण्याखाली शेतं आहेत, देवळांची जोती आहेत, पाथरीसारखी गावं आहेत, आणि त्या गावांत वाढलेली माणसं आज पुनर्वसन वसाहतींत राहतात. त्यांच्यातल्या पोरांना पोहणं, बोट हाकणं आणि बोलणं शिकवा, परवाना द्या, पगार द्या. बोट कुठल्या गावावरून चाललीय हे तेच सांगू शकतात.