डाव्या कोपऱ्यातला गडी

प्रो कबड्डीचा लिलाव टीव्हीवर लागला की आमच्या बपेऱ्यातली पोरं कोटीच्या आकड्याची वाट पाहत बसतात. २०१४ सालच्या पहिल्या लिलावात पाटणा पायरेट्सनं राकेश कुमारला १२ लाख ८० हजारांना घेतलं, तेव्हा त्याहून मोठा आकडा नव्हता. चार वर्षांत मोनू गोयत दीड कोटीच्या वर गेला. २०२३ मध्ये तेलुगू टायटन्सनं पवन सेहरावतसाठी २ कोटी ६० लाख ५० हजार मोजले. हे सगळं पोरांना तोंडपाठ आहे. माझं लक्ष मात्र मोठी नावं संपल्यावर पुकारल्या जाणाऱ्या माणसांकडे असतं. त्यांच्यासाठी एखादाच संघ बोली लावतो, आधारभूत किमतीच्या आसपास बोली थांबते आणि पुढच्या हंगामात त्यांना वेगळ्या रंगाची जर्सी घालावी लागते. कबड्डीचा धंदा त्यांच्या खांद्यावर उभा आहे, आणि खेड्यातल्या पोरानं समजून घ्यावी अशी कारकीर्द त्यांचीच आहे.

अमेरिकेतल्या व्यावसायिक बास्केटबॉलमध्ये अशा फिरत्या खेळाडूंची जुनी परंपरा आहे. ईश स्मिथचंच पाहा. सहा फुटांचा, म्हणजे त्या खेळात बुटकाच. २०१० मध्ये तो महाविद्यालयातून बाहेर पडला, तेव्हा एनबीएच्या संघांनी निवडलेल्या ६० जणांत त्याचं नाव नव्हतं. तरी ह्यूस्टनकडून त्याला संधी मिळाली आणि तिथून पुढे मेम्फिस, ऑर्लँडो, मिलवॉकी, फिनिक्स, डेट्रॉइट, वॉशिंग्टन असं करत तो तब्बल १३ संघांकडून खेळला. इतके संघ एनबीएत दुसऱ्या कुणाच्या नावावर नाहीत. २०२३ मध्ये डेन्व्हर नगेट्स विजेते झाले, तेव्हा तोही त्या संघात होता. बहुतेक सामने बाकावर बसून गेले, पण हाक आली की दहा मिनिटं चेंडू नीट सांभाळायचा, हे काम त्यानं तेरा ठिकाणी चोख केलं.

मराठी मुलखात याच्या जवळ जाणारं उदाहरण शोधायचं तर मी गिरीश इर्नाकचं नाव घेईन. कल्याणकडचा हा गडी डाव्या कोपऱ्यातला. पाटणा पायरेट्स, बंगाल वॉरियर्स, पुणेरी पलटण, गुजरात जायंट्स, पुन्हा बंगाल, मग यू मुंबा असा त्याचा प्रवास आहे. लीगमधल्या १२ संघांपैकी पाच संघांची जर्सी त्यानं घातली. जानेवारी २०१८ मध्ये हैदराबादला वरिष्ठ राष्ट्रीय स्पर्धेच्या अंतिम सामन्यात महाराष्ट्रानं सेनादलाला ३४-२९ असं हरवून अकरा वर्षांचा दुष्काळ संपवला, त्या संघात तो होता. त्याच वर्षी जकार्ताच्या आशियाई स्पर्धेत भारताकडूनही तो खेळला. उपान्त्य फेरीत इराणनं भारताला हरवलं आणि या स्पर्धेत पहिल्यांदाच पुरुषांचं सुवर्णपदक आपल्या हातून गेलं. कांस्यपदक घेऊन आलेल्या त्या संघातल्या गड्यांना घरी आल्यावर काय काय ऐकावं लागलं असेल, याची कल्पना करता येते.

डावा कोपरा म्हणजे काय, हे टीव्हीवर नीट दिसत नाही, कारण कॅमेरा चढाईपटूवर असतो. बहुतेक चढाईपटू उजव्या हाताचे, त्यामुळे त्यांचा ओढा बचावाच्या डाव्या बाजूकडे असतो आणि तिथला कोपरा सतत माऱ्यात राहतो. शेजारच्या गड्याचा हात धरून कोपऱ्यातला गडी वाकून उभा असतो. चढाईपटू निदान रेषा ओलांडून बोनससाठी पाय टाकतो, मागचा पाय क्षणभर हवेत राहतो आणि सगळं वजन पुढच्या घोट्यावर येतं. त्याच क्षणी हात सोडून, गुडघ्यात वाकून, दोन्ही पंजांनी घोटा धरायचा आणि स्वतःचं डोकं त्याच्या गुडघ्याच्या बाहेर ठेवायचं. अर्धा क्षण आधी झेपावलं तर तो उडी मारून निघून जातो आणि जाताना गुण घेऊन जातो. उशीर झाला तर पाय मागे गेलेला असतो. घोटा हातात आला तरी काम संपत नाही. मध्यरक्षकानं त्याच वेळी धडक देऊन त्याला आडवा केला नाही, तर अंगात ताकद असलेला चढाईपटू घोट्याला लोंबकळणाऱ्या गड्यासकट मध्यरेषा गाठतो.

फिरत्या बचावपटूची खरी अडचण इथे आहे. चढाईपटू आपलं कसब एकट्यानं बरोबर नेतो. कोपऱ्यातल्या गड्याचं अर्धं कसब शेजारच्याच्या हातात असतं. हात किती घट्ट धरायचा, इशारा बोटांनी करायचा की खांद्यानं, मध्यरक्षक मागोमाग येणार की थांबणार, हे सगळं नव्या संघात नव्यानं बसवावं लागतं. प्रशिक्षक हरियाणाचा, चढाईपटू तमिळनाडूचा, मध्यरक्षक इराणचा अशा संघात सराव शिबिराचे काही आठवडेच हातात असतात. नंतर १२ संघांच्या साखळी फेरीत एकामागून एक सामने, आणि मध्येच दुसरं शहर. हे पाच संघांत जमवून दाखवणाऱ्याला मी मोठा खेळाडू म्हणतो, त्याच्या नावापुढे कोटी असो वा नसो.

विशाल माने हा मुंबईचा मध्यरक्षक याच जातकुळीचा. २०१५ मध्ये विजेत्या ठरलेल्या यू मुंबात तो होता आणि २०१७ मध्ये पाटण्यानं सलग तिसरं विजेतेपद मिळवलं, तेव्हा तो पाटण्यात होता. पुढे दबंग दिल्लीकडे गेला आणि २०१९ च्या अंतिम फेरीपर्यंत पोहोचलेल्या संघाचा भाग झाला. तीन संघ, आणि तिन्हींबरोबर अंतिम फेरी. पण पाटण्याचं ते विजेतेपद आठवलं की लोक चढाईपटू परदीप नरवालचं नाव घेतात.

चढाईपटूंचं नशीब वेगळं असतं, ते वर-खाली फार जोरात जातं. चंदगड तालुक्यातल्या हुंदळेवाडीच्या सिद्धार्थ देसाईला २०१८ मध्ये यू मुंबानं ३६ लाख ४० हजारांना घेतलं. पहिल्याच हंगामात त्यानं दोनशेच्या वर चढाईचे गुण मिळवले आणि पुढच्या लिलावात तेलुगू टायटन्सनं त्याच्यासाठी १ कोटी ४५ लाख मोजले. मग खांद्याच्या दुखापतीनं गाठलं, जवळजवळ अख्खा हंगाम वाया गेला आणि किंमत लाखांत आली. २०२३ मध्ये हरियाणा स्टीलर्सनं पुन्हा १ कोटी दिले, पुढच्या वर्षी तो दिल्लीकडे आला तेव्हा आकडा परत खाली घसरलेला होता. माणूस तोच, खेळ तोच, फक्त खांदा किती साथ देतो यावर बाजार हलत राहिला.

सांताक्रूझच्या रिशांक देवाडिगानंही हे पाहिलं. २०१७ मध्ये यूपी योद्धाकडून जयपूरविरुद्ध त्यानं एका सामन्यात चढाईचे २८ गुण घेतले, तो तेव्हाचा विक्रम होता. काही दिवसांतच परदीपनं ३४ गुण घेऊन तो मोडला. पुढच्या वर्षी यूपीनं १ कोटी ११ लाख देऊन रिशांकला आपल्याकडेच ठेवलं, आणि हैदराबादला जिंकलेल्या महाराष्ट्राच्या संघाचा तो कर्णधार होता. त्यानंतर दोन-तीन वर्षांतच तो बंगालच्या संघात होता आणि मोठ्या बोलीचे दिवस मागे पडले होते. कासेगावच्या काशिलिंग आडकेनं २०१५ च्या हंगामात सर्वांत जास्त चढाईचे गुण मिळवले होते. दिल्ली, मुंबई आणि मग विजेत्या बंगळूरुच्या संघापर्यंत पोहोचेस्तोवर त्याचा पहिला बहर ओसरला होता.

मग ही माणसं जगतात कशावर? अमेरिकन खेळाडूचं सगळं आयुष्य लीगवर उभं असतं. तिथे किमान मानधन भरपूर असतं, आणि तीन हंगाम खेळलेल्याला निवृत्तीनंतरच्या पेन्शनचा हक्क मिळतो. आपल्याकडे ते काम नोकरी करते. रिशांक पोटासाठी हॉटेलात राबला, मग कबड्डीच्या जोरावर देना बँकेत लागला, नंतर भारत पेट्रोलियममध्ये. मुंबईत महिंद्रा, एअर इंडिया, भारत पेट्रोलियम, रेल्वे, पोलीस, बँका अशा संघांनी लीग येण्याच्या कितीतरी आधीपासून कबड्डीपटूंना पगारावर घेतलं. लाल मातीवर व्यावसायिक गटाचे सामने भरत, आणि तिथे नाव झालं की नोकरीचा कागद हातात पडे. बुवा साळवींसारख्यांनी संघटना बांधली, म्हणून हे शक्य झालं. त्यांचा १५ जुलै हा जन्मदिवस आपण कबड्डी दिन म्हणून पाळतो. लीग आली आणि गेली, लिलावात कुणी बोली लावली नाही, तरी महिन्याच्या शेवटी पगार येतो. या आधारावरच मराठी कबड्डीपटू पाच संघांत बिनघोर फिरू शकतो.

आता आमच्याकडची गोष्ट. बपेरा म्हणजे भंडारा जिल्ह्यातल्या तुमसर तालुक्याचं टोक. बावनथडीचा पूल ओलांडला की मध्य प्रदेश, रस्ता पुढे बालाघाटकडे जातो. दिवाळीनंतर मंडईच्या जत्रा सुरू होतात, गावोगावी दंडार आणि नाटकं रंगतात, धान कापून मळून झालं की मोकळ्या बांधीत चुन्याच्या रेषा आखून कबड्डीचे सामने भरतात. ट्यूबलाइटच्या उजेडात रात्रभर चमू खेळतात. बक्षिसाची रक्कम बरी असेल तर चमूत बाहेरचे गडी येतात. कुणी तुमसरचा, कुणी नागपूरचा, कुणी पुलापलीकडचा. दोन रात्री खेळायचं, वाटणी घ्यायची आणि पुढच्या शनिवारी दुसऱ्या गावाच्या जर्सीत उतरायचं. गावातली जुनी माणसं यावर नाक मुरडतात. मला त्यात वावगं दिसत नाही. आपलं कसब ज्याला हवं त्याच्याकडे नेऊन चार पैसे मिळवणं, हेच इर्नाक आणि माने मोठ्या मॅटवर करत आले.

कबड्डी विदर्भाला परकी नाही. १९३६ च्या बर्लिन ऑलिंपिकच्या वेळी अमरावतीच्या हनुमान व्यायाम प्रसारक मंडळाच्या पथकानं जगासमोर हा खेळ दाखवला होता. राष्ट्रीय स्पर्धेत विदर्भ आजही स्वतंत्र संघ उतरवतो. म्हणजे बपेऱ्याच्या पोराला मुंबई-ठाण्याच्या, सांगली-कोल्हापूरच्या गड्यांशी निवडीसाठी झगडावं लागत नाही. त्याला विदर्भाच्या संघात जागा मिळवायची असते, आणि ही मोठी सोय आहे. तरीही आपल्या भागातली नावं लिलावात क्वचितच ऐकू येतात. पोरांच्या अंगात ताकद आहे, दम आहे, पहाटे सिहोरा रस्त्यावर भरतीसाठी धावणाऱ्यांकडे पाहिलं की ते कळतं. कमी आहे ती सरावाच्या मॅटची, वर्षभर चालणाऱ्या सामन्यांची आणि खेळाडूला पगारावर घेणाऱ्या संघांची. मातीवर वाढलेला कोपऱ्यातला गडी पहिल्यांदा मॅटवर जातो, तेव्हा त्याचे पाय वेगळेच सरकतात. बूट घालून घोटा धरण्याची सवय व्हायला एक अख्खा हंगाम जातो, आणि निवड चाचणी दोन दिवसांत संपते. चिखला आणि डोंगरी बुजुर्गच्या मँगनीज खाणी, भंडाऱ्याची आयुध निर्माणी असे मोठे उद्योग जिल्ह्यात आहेत. त्यांनी मुंबईतल्या तेल कंपन्यांसारखे कबड्डीचे चमू उभे केले, तर दहा वर्षांत चित्र पालटेल असं मला मनापासून वाटतं.

तोवर हातात असलेली वाट नीट धरायला हवी. राज्य सरकारच्या नोकऱ्यांत खेळाडूंसाठी ५ टक्के आरक्षण आहे, पोलीस भरतीतही ते लागू होतं. कोणत्या पातळीवरच्या स्पर्धेत खेळलात आणि कितवं स्थान मिळवलं, यावर कोणत्या गटाच्या पदासाठी पात्र ठरता हे अवलंबून असतं. प्रमाणपत्राची पडताळणी विभागीय क्रीडा उपसंचालकांच्या कार्यालयात होते, आपल्यासाठी ते नागपूरला. तिथे मान्यताप्राप्त संघटनेच्या अधिकृत स्पर्धेचा कागद चालतो. आमच्याकडे घराघरांत फळीवर मांडलेल्या, सरपंचांच्या हस्ते मिळालेल्या शिल्डांचा तिथे काही उपयोग होत नाही. रात्रीच्या सामन्यात पाच गावांचे चढाईपटू आडवे करणारा पोरगा जिल्हा निवड चाचणीच्या दिवशी धान विकायला तुमसरच्या बाजारात थांबला, तर त्याचं ते वर्ष गेलं. म्हणून गावातल्या मंडळांनी बक्षिसाच्या रकमेतून थोडं बाजूला काढावं, आणि जिल्हा संघटनेकडे पोरांची नोंदणी, चाचणीला जाण्याचं भाडं आणि एक जोडी मॅटचे बूट, एवढं त्यातून करावं.