सावळजची खुर्ची

१६ फेब्रुवारी २०२५ला माजी गृहमंत्री आर. आर. पाटलांना जाऊन दहा वर्षं झाली. तासगाव तालुक्यातल्या अंजनीचे, सगळ्यांचे आबा. फोटोला हार पडले, भाषणं झाली. माझ्या मनात मात्र तेव्हा तीन वर्षांपासून एकच गोष्ट सलत होती. मार्च २०२२ मध्ये बहुतेक जिल्हा परिषदांची मुदत संपली आणि तेव्हापासून तिथे प्रशासक बसला होता. आबा घडले ते जिल्हा परिषदेच्याच घरात.

रोजगार हमीच्या कामावर राबून शिकलेला हा मुलगा १९७९ साली सावळज गटातून जिल्हा परिषदेवर गेला आणि १९९० पर्यंत तिथेच होता. मग आमदारकी, सलग सहा वेळा. विरोधी बाकावरच्या त्यांच्या भाषणांची कात्रणं आमच्या शिक्षकांच्या खोलीत फिरायची. त्या वर्षांबद्दल याहून जास्त मला सांगायचं नाही.

मला सांगायचं आहे ते १९९९ नंतरचं. आबा ग्रामविकासमंत्री झाले आणि २००० साली संत गाडगेबाबा ग्रामस्वच्छता अभियान आलं. त्याआधी सरकार अनुदान देऊन संडास बांधायचं आणि त्यात लोक गोवऱ्या नि सरपण रचायचे. मी माण तालुक्यातल्या ज्या गावी शाळेवर होतो, तिथल्या अशा संडासांत कोंबड्यासुद्धा डालल्या जायच्या. या अभियानाची रीत अगदी उलटी होती. आधी छदामही मिळणार नाही. गाव झाडा, गटारं काढा, शोषखड्डे खणा, मग समिती येईल, गुण देईल आणि बक्षीस मिळेल.

आमच्याकडे पहिल्या दिवशी सहा माणसं आली. त्यांत मी आणि ग्रामसेवक धरून. दुसऱ्या आठवड्यात वरच्या आळीच्या बायका खराटे घेऊन आल्या, आणि बायका झाडताहेत म्हटल्यावर पारावरच्या पुरुषांना बसवेना. निवडणुकीपासून एकमेकांशी न बोलणारे दोन भाऊबंद एकाच उकिरड्यात पाट्या भरत होते, हे मी डोळ्यांनी पाहिलं आहे. हागणदारीच्या वाटेवर पोरांनी कडुनिंब लावले. समिती आली त्या दिवशी घराघरांपुढे सडा-रांगोळी होती, जणू गावजत्राच. नंबर आला नाही. पण ते कडुनिंब आज दुमजली झालेत.

त्या वेळी शहरातल्या काही जाणत्यांनी ‘मंत्र्याने झाडू मारून विकास होतो का’ असं विचारलं होतं. त्यांना मी आजही सांगेन, की आमच्या गावची ग्रामसभा कोरमसाठी अडली नाही अशी तीच वर्षं होती. माणूस आपल्या हाताने गटार काढतो, तेव्हा त्या गटाराचा हिशेबही मागतो.

पुढे गृहखातं आलं. भरतीत एक पैसा द्यावा लागला नाही, असं सांगणारे माझे तीन विद्यार्थी आज पोलिसात आहेत. तिघेही कोरडवाहू घरातले. २००७ साली तंटामुक्त गाव मोहीम आली, तीही गावावरच विश्वास टाकणारी: बांधाची, वाटणीची भांडणं कोर्टाच्या पायऱ्या चढण्याआधी चावडीवर मिटवायची. २००५ची डान्स बारबंदी मात्र मला तेव्हाही पटली नव्हती. पोटावर पाय आला तो नाचणाऱ्या बायकांच्या, आणि त्यांच्यासाठी पर्यायी काम कुणी उभं केलं नाही.

आणि मग २६ नोव्हेंबर २००८, मुंबईवरचा हल्ला. मोठ्या शहरांत अशा छोट्या गोष्टी होतात, असं ते हिंदीत बोलून गेले. १६६ माणसं मेलेली असताना ते वाक्य अक्षम्यच होतं, राजीनामा योग्यच होता. पण त्या आठवड्यात चॅनेलांवर त्यांच्या चुकीपेक्षा त्यांच्या गावरान हिंदीची जी टिंगल झाली, ती मी विसरलेलो नाही. ती आम्हा सगळ्यांची होती.

नंतर ते पुन्हा गृहमंत्री झाले, आणि जिथे जायला कुणी राजी नसतं त्या गडचिरोलीचं पालकमंत्रिपद त्यांनी मागून घेतलं. २०१४च्या प्रचारात बलात्काराबद्दल त्यांच्या तोंडून जे निघालं, त्याने मला शरम वाटली. त्यांनी माफी मागितली. चार महिन्यांत तोंडाच्या कर्करोगाने ते गेले. वय अवघं ५७.

जिल्हा परिषदेत प्रशासक असतानाच्या एका पावसाळ्यात आमच्या शाळेच्या दोन खोल्या गळायला लागल्या. पूर्वी जिल्हा परिषद गटाच्या सदस्याला पारावर गाठलं की तो दुसऱ्या दिवशी येऊन छत बघून जायचा. नाही आला तर पुढच्या मताला मुकायचा. या वेळी अर्ज घेऊन आम्ही तिघं जिल्ह्याच्या गावी चार खेपा घातल्या. प्रत्येक वेळी साहेब बैठकीत होते. अर्जावर आवक क्रमांक तेवढा पडला. ज्याला जाब विचारावा असा निवडून दिलेला माणूसच नव्हता. सावळजची, १९७९ साली आबा जिथे बसले ती खुर्चीही मार्च २०२२ पासून अशीच रिकामी पडली होती.